क्लिपखाली नावं लिहा : मराठी वाहिन्यांच्या डिजिटल टीमला खुलं पत्र

प्रति,
मराठी मनोरंजन वाहिन्यांच्या डिजिटल टीममधली सगळी मंडळी,
आणि तुमच्या वरचे प्रोग्रामिंगवाले, निर्माते, क्रिएटिव्ह हेड यांनाही,

नमस्कार.

मी सांगलीत राहते, एका पतसंस्थेत नोकरी करते, टीव्हीशी माझा पोटापाण्याचा काही संबंध नाही. पण माझ्याकडे चार वह्या आहेत. २०१० मध्ये झी मराठीवर फू बाई फू हा छोट्या विनोदी प्रवेशांचा, म्हणजे स्किटचा, कार्यक्रम सुरू झाला तेव्हा पहिली वही घेतली होती आणि तेव्हापासून बघितलेल्या प्रत्येक स्किटची एक ओळ त्यात लिहून ठेवलीय, तारीख, विषय काय होता, कोण कोण होतं, लिहिलं कोणी आणि आवडलेलं एखादं वाक्य. पहिल्या तीन वह्यांमध्ये "कोण कोण होतं" हा रकाना भरलेला आहे. चौथ्या वहीत तो अर्ध्याहून जास्त रिकामा आहे, कारण चौथी वही मी टीव्ही बघून नाही तर मोबाईलवर तुमच्या क्लिप बघून भरतेय.

म्हणून हे पत्र आधी तुम्हाला. जो कोणी एपिसोड संपल्यावर त्याचे तुकडे करतो, थंबनेल बनवतो, टायटल टाईप करतो त्याला, तिला. तुम्ही बहुतेक पंचविशीतले असाल, एका दिवसात किती व्हिडीओ टाकायचे याचं टार्गेट असेल, शिफ्ट संपता संपत नसेल, हे सगळं मला कळतं आणि माझा तुमच्यावर राग नाही. पण कॉमेडी करणाऱ्या कलाकाराचं करिअर आज जितकं तुमच्या त्या दोन ओळींवर अवलंबून आहे तितकं कदाचित दिग्दर्शकावर पण नाही, आणि हे तुम्हाला कोणी सांगितलेलं नसणार, म्हणून मी सांगतेय.

थोडं मागे जाते. कॉलेजला असताना मी एकांकिकांना म्युझिक ऑपरेट करायचे. आमच्याकडे भावे नाट्यमंदिरात राज्य नाट्य स्पर्धेची केंद्रं व्हायची, एकांकिका स्पर्धा तर इचलकरंजी, कोल्हापूर, पुणे जिथे प्रवेशिका परवडेल तिथे जायचो, टेम्पोत सेट आणि सेटवर आम्ही. आणि प्रत्येक स्पर्धेत, कितीही छोटी असली तरी, पडदा उघडायच्या आधी अंधारात एक अनाउन्समेंट व्हायची. संस्था अमुक, एकांकिका तमुक, लेखक, दिग्दर्शक, नेपथ्य, प्रकाशयोजना, संगीत, आणि मग कलाकारांची नावं एकेक करून. त्या अंधारात, बूथमध्ये बसून माझं नाव माइकवरून ऐकलं की अंगावर काटा यायचा. आम्ही कोणीच नव्हतो, तिकीट काढून कोण आलेलं नसायचं, तरी नाव घेतलं जायचं. वहीत नावं लिहायची सवय मला तिथून लागली.

आमच्यातलाच एकजण पुढे मुंबईला गेला. त्याचं नाव इथे लिहीत नाही, माझंही लिहीत नाही कारण माझ्यावरून तो लगेच ओळखू येईल, आणि त्याला पुढचं काम तुमच्याकडेच मागायचंय. कलाकार स्वतः हे पत्र का लिहीत नाहीत याचं उत्तर एवढंच आहे. जो रोज फोनची वाट बघतो तो फोन करणाऱ्याकडे तक्रार कशी करणार.

तर हा मुलगा म्हणजे विनोदाचं टायमिंग काय असतं ते मी याच्यामुळे शिकले, कारण म्युझिकचा क्यू मला त्याच्या श्वासावर द्यावा लागायचा, वाक्यावर नाही. पंच टाकायच्या आधी तो अगदी एवढासा थांबायचा, आणि हशा कधी उतरायला लागतो ते त्याला पाठीमागून कळायचं, बरोबर उतरता उतरता पुढचं वाक्य. हे शिकवून येत नाही आणि नुसतं असून पण भागत नाही. मुंबईत आधी बॅकस्टेज केलं, मग एका व्यावसायिक नाटकात तीन एंट्रीचा रोल, नाईट, म्हणजे प्रयोगामागे मिळणारे पैसे, ती दौऱ्यावर चहापाण्यात जायची, दिवसा एका कुरिअर ऑफिसात काम. आणि मग सात वर्षांनी एका स्किटच्या कार्यक्रमात घेतलं त्याला. कार्यक्रमाचं नाव पण नको.

स्किट शोचं काम बाहेरच्यांना सोपं वाटतं कारण ते दहा-बारा मिनिटांचं असतं. पण नाटकाची तालीम महिना-दीड महिना चालते आणि एकदा बसलं की तेच शंभर वेळा करायचं असतं. इथे दर आठवड्याला नवीन. लेखक विषय आणतो, वाचन होतं, अर्धं फेकलं जातं, रात्री परत लिहिलं जातं, सकाळी तालीम, तालमीत कलाकार स्वतःच्या ॲडिशन घालतात, आणि मग शूटिंगच्या दिवशी एकाच दिवसात तीन-चार वेगवेगळी माणसं व्हायचं. सकाळी भटजी, दुपारी कोणाची तरी सासू, संध्याकाळी पोलीस, मिशी चिकटवायची, काढायची, परत चिकटवायची, ओठावरची कातडी सोलून निघते. मालिकेतल्या नायकाला एकच भूमिका दोन-तीन वर्षं मिळते, रोज तोच चेहरा, तेच नाव घरात घुमतं. कॉमेडीवाल्याचं काम शंभर तुकड्यांत विखुरलेलं असतं आणि प्रत्येक तुकड्यात तो विगखाली लपलेला असतो. त्याला "मी हा रोल केला" असं सांगायला एक रोलच नसतो, असतं ते फक्त नाव.

आता माझ्या वह्यांमधून मला जे दिसलं ते सांगते. चला हवा येऊ द्या २०१४ च्या ऑगस्टमध्ये सुरू झालं आणि २०२४ च्या मार्चपर्यंत चाललं, म्हणजे साडेनऊ वर्षं (पुढच्या वर्षी परत आलं ती वेगळी गोष्ट). त्यात काय होतं, तर सूत्रसंचालक निलेश साबळे स्टेजवर माणसाला त्याच्या खऱ्या नावाने हाक मारायचे. भाऊ, कुशल, सागर, श्रेया, भारत. कॅरेक्टर कुठलंही असो, मध्येच खरं नाव यायचंच. आमच्या गल्लीतल्या चौथीतल्या पोरांना पण ही नावं पाठ होती. सोनी मराठीवर २०१८ पासून महाराष्ट्राची हास्यजत्रा आहे, तिथे स्किट झाल्यावर समोर बसलेले सई ताम्हणकर, प्रसाद ओक हे कलाकारांशी नावाने बोलतात, कोणाचं काय आवडलं ते सांगतात, गौरव मोरेंना तर "फिल्टरपाड्याचा बच्चन" म्हणून ओळख मिळाली आणि पवईच्या त्या वस्तीचं नाव पण महाराष्ट्रात झालं. समीर चौघुले, नम्रता संभेराव, विशाखा सुभेदार, प्रसाद खांडेकर, ही नावं लोकांच्या तोंडात बसली याचं निम्मं श्रेय त्यांच्या कामाचं, आणि निम्मं मी म्हणेन त्या पाच मिनिटांच्या गप्पांचं, ज्यात त्यांचं नाव घेतलं गेलं. भाऊ कदमांनी डोंबिवलीत पानाची टपरी चालवली, अशोक सराफ बँकेत नोकरी करत नाटकं करायचे, हे आपल्याला माहीत आहे कारण नाव माहीत होतं म्हणून कोणीतरी मुलाखत घ्यायला गेलं. नाव नसेल तर मुलाखत कोणाची घेणार.

आणि तुम्ही क्लिप कापताना नेमका तोच भाग उडवता. स्किटच्या आधीची ओळख जाते, नंतरच्या गप्पा जातात, राहतो मधला तुकडा. कारण पहिल्या काही सेकंदात हसू आलं नाही तर माणूस अंगठ्याने वर सरकवतो, हे मला समजतं, कापा तुम्ही, मी कापू नका म्हणतच नाहीये. पण मग कापलेलं नाव खाली लिहायला काय लागतं? टायटल असतं "या काकांनी तर कहरच केला", "हसून हसून पोट दुखेल", डिस्क्रिप्शनमध्ये कार्यक्रमाची वेळ, चॅनेल सबस्क्राईब करा, ॲप डाउनलोड करा, पंधरा हॅशटॅग. सगळ्यांची नावं आहेत, माणसाचं नाही. आणि फार मोठा स्टार असेल तर त्याचं नाव असतं, कारण त्याच्या नावाने व्ह्यूज येतात. म्हणजे ज्याला गरज नाही त्याचं लिहिलं जातं आणि ज्याचं सगळं त्यावर आहे त्याचं सुटतं.

आमच्या मित्राने एका स्किटमध्ये सोसायटीचा वॉचमन केला होता. रात्रभर जागतो म्हणून अभिमानाने सांगणारा आणि सांगता सांगता उभ्या उभ्या झोपणारा. ती क्लिप इतकी फिरली की त्याचा झोपतानाचा चेहरा व्हॉट्सॲपवर स्टिकर झाला, माझ्या ऑफिसच्या ग्रुपवर सोमवारी सकाळी तोच येतो. ज्यांनी पाठवला त्यातल्या एकालाही त्याचं नाव माहीत नाही. मी सांगितलं तर म्हणाले अरे तो आपल्या सांगलीकडचा आहे होय.

कार्यक्रमाचा सीझन संपला. आता टीव्हीचं पेमेंट नव्वद दिवसांनी येतं हे तर सगळ्यांना माहितीय, त्यामुळे पहिले तीन महिने तरी हातात काहीतरी येत राहतं आणि माणसाला वाटतं चाललंय की. चौथ्या महिन्यापासून कळतं. तो एका नवीन नाटकासाठी भेटायला गेला. तिथल्या बाईंनी विचारलं काय काय केलंय, याने सांगितलं, त्यांनी तिथल्या तिथे मोबाईलवर त्याचं नाव टाकून बघितलं आणि काहीच आलं नाही. अडीच वर्षं, शंभरावर स्किट, आणि नाव टाकलं तर एका जुन्या एकांकिका स्पर्धेच्या निकालाची बातमी, ती पण आडनाव चुकलेली. याने वॉचमनची क्लिप काढून दाखवली तेव्हा त्या म्हणाल्या "अय्या हे तुम्ही आहात!" आणि मग त्यांना वॉचमनच पाहिजे होता पण त्या नाटकात वॉचमन नव्हता.

गणपतीत, जत्रेत सुपारी शो, म्हणजे आयोजकाने पैसे देऊन बोलावलेले कार्यक्रम, मिळतात, कॉमेडीवाल्यांचं घर खरं तर त्यावर चालतं, टीव्ही म्हणजे जाहिरात आणि सुपारी म्हणजे कमाई. पण आयोजक पण नावावर पैसे देतो. आमच्याच जिल्ह्यात एका गावात त्याचा फ्लेक्स लागला होता, फोटो याचा, खाली नाव दुसऱ्याच कलाकाराचं. आयोजकांची चूक नाही, त्यांनी क्लिपमधून फोटो घेतला आणि नाव कुठे लिहिलेलंच नव्हतं म्हणून अंदाजाने टाकलं. स्टेजवर बोलावताना म्हणाले "टीव्हीवरचे वॉचमन आले आहेत". त्या रात्री शो झाल्यावर तो आमच्याकडे जेवायला आला होता, दोन भाकऱ्या खाल्ल्या आणि फार बोलला नाही. जाताना मला म्हणाला तुझ्या वहीत बघ ना माझी किती झाली. मी मोजून सांगितली. एकशे अठरा. त्याने ते आकडे फोनमध्ये लिहून घेतले.

आणि लेखक तर विचारूच नका. वॉचमनचं स्किट ज्याने लिहिलं तो मुलगा आटपाडीकडचा आहे, त्या स्किटमधला वॉचमन म्हणजे त्याचा सख्खा मामा. "झोप ही सरकारी असते, डोळे फक्त माझे" हे वाक्य लोक आता म्हण असल्यासारखं वापरतात, रीलवर त्याचा आवाज लावून लोक तोंडं हलवतात. त्याच्या आईला त्याने ती क्लिप दाखवली, माऊलीने पूर्ण बघितली, संपल्यावर स्क्रीन काळी झाली तरी बघत बसली आणि म्हणाली, "तुझं नाव कधी येतंय?" हे त्यानेच मला सांगितलं. एवढंच सांगितलं, पुढे काय झालं ते नाही सांगितलं आणि मी पण विचारलं नाही.

कायद्याचं थोडं बोलते, पतसंस्थेत आहे, कागद वाचायची सवय आहे. आपल्याकडे १९५७ चा कॉपीराइट कायदा आहे, त्यात २०१२ मध्ये मोठे बदल झाले. त्यातलं कलम ३८ बी असं सांगतं की कलाकाराने आपले हक्क दुसऱ्याला देऊन टाकले तरी सुद्धा "हे सादरीकरण माझं आहे" अशी ओळख मागायचा हक्क त्याच्याकडेच राहतो, फक्त वापराच्या पद्धतीमुळेच नाव देणं शक्य नसेल तर गोष्ट वेगळी. लेखकासाठी कलम ५७ आहे, त्याने लेखन विकलं तरी लेखक म्हणून नाव सांगायचा हक्क विकला जात नाही. आता सांगा, ज्या व्हिडीओखाली पंधरा हॅशटॅग बसतात तिथे चार नावं देणं शक्य नाही असं कोण म्हणेल? कॉन्ट्रॅक्टमध्ये काय लिहून घेतात ते मला दाखवलेलं नाही आणि मला कोणाला कोर्टात खेचायचं नाहीये. मला एवढंच म्हणायचंय की मी भीक मागत नाहीये, हे त्यांचं आधीच आहे.

काही जण म्हणतील पूर्वी काय मोठी नावं देत होते. देत होते. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं, आमच्या वडिलांच्या पिढीने चिमणराव-गुंड्याभाऊ बघितले, आणि वडील आजही दिलीप प्रभावळकर आणि बाळ कर्वे ही दोन्ही नावं एका दमात घेतात. शेवटी श्रेयनामावली यायची, हळूहळू वर सरकायची, आणि दुसरं चॅनेलच नव्हतं त्यामुळे घरातले सगळे ती पण वाचत बसायचे, ध्वनिमुद्रण कोणाचं ते सुद्धा. त्या काळी टेप महाग होत्या म्हणून पुसून परत वापरल्या जायच्या आणि कितीतरी कार्यक्रम त्यामुळे कायमचे गेले. म्हणजे तेव्हा काम गेलं पण नावं लोकांच्या लक्षात राहिली. आता काम कधीच पुसलं जाणार नाही, वॉचमन अजून वीस वर्षांनी पण झोपलेला दिसेल, आणि नाव आत्ताच कोणाला माहीत नाही. टीव्हीवर पण शेवटची नावं हल्ली अर्ध्या स्क्रीनमध्ये दाबून पळवतात, बाजूला उद्याचा प्रोमो चालू असतो. मी पॉज करून करून लिहायचे.

अजून एक गोष्ट आहे जी मला फार महत्त्वाची वाटते. मराठी टीव्हीवर सगळे पुण्या-मुंबईचं बोलायचे अशी किती वर्षं गेली. मालिकेत गावाकडचं बोलणं म्हणजे काहीतरी एकच खिचडी भाषा, जी कुठल्याच गावात बोलत नाहीत. खऱ्या बोली टीव्हीवर आणल्या त्या या कॉमेडी कार्यक्रमांनी. भारत गणेशपुरेंची वऱ्हाडी, अरुण कदमांची आगरी, प्रभाकर मोरेंची कोकणी ढंगाची बोली, सांगली-कोल्हापूरचा आमचा लहेजा. अमरावतीच्या मुलाला पहिल्यांदा वाटलं की मी बोलतो तसं बोलून पण टीव्हीवर उभं राहता येतं. पण हे त्याला तेव्हाच वाटतं जेव्हा त्याला कळतं की समोरचा माणूस खरंच तिकडचा आहे, त्याचं हे नाव आहे, तो या तालुक्यातून इथपर्यंत आला. "वऱ्हाडी काकांची धमाल" एवढंच लिहिलं तर त्या पोराला काय कळणार, कोणाच्या मागे जायचं ते.

तर मागणी अशी. क्लिप टाकताना डिस्क्रिप्शनच्या पहिल्या ओळीत, "अजून वाचा" च्या वर, कलाकारांची नावं, सगळ्यांची, ज्याने फक्त चहाचा ट्रे आणून ठेवला आणि एक वाक्य बोलला त्याचं पण. लेखकाचं नाव. दिग्दर्शकाचं नाव. रीलमध्ये जागा नसते म्हणता, तर पहिले दोन सेकंद खाली बारीक पट्टी येऊ दे, चॅनेलचा लोगो चोवीस तास कोपऱ्यात असतोच ना. प्रॉडक्शनकडून प्रत्येक एपिसोडबरोबर नावांची एक शीट मागून घ्या, ती त्यांच्याकडे असतेच, त्याशिवाय पेमेंट कोणाला करणार. आडनाव नीट बघून लिहा. शक्य असेल तर त्यांच्या अकाउंटला टॅग करा, बऱ्याच जणांचं असतं. कोणी एखाद्या चॅनेलवर हे आधीच करत असेल तर तुम्हाला मनापासून धन्यवाद, तुमच्यामुळे माझ्या चौथ्या वहीतली काही पानं तरी भरली आहेत.

निर्मात्यांना आणि वरच्या मंडळींना एवढंच, की हे त्या मुलांवर सोडू नका, नियम म्हणून लिहून द्या. त्यांना टायटल लिहायला पाच मिनिटं मिळतात, त्याची सात करा. रिपीट टेलिकास्टचे पैसे, क्लिपच्या जाहिरातीतला वाटा हे फार मोठे विषय आहेत आणि ते कलाकार-लेखकांच्या संघटनांनी बोलायचे आहेत, मी त्यात पडत नाही. नावाला पैसे लागत नाहीत.

आणि जुन्या क्लिपचं काय, ज्या आधीच टाकल्यात, हजारो आहेत, नावं आता कोण शोधत बसणार, हा प्रश्न तुम्ही विचारणार म्हणून आधीच सांगते. पहिल्या तीन वह्या मी मागच्या दिवाळीच्या सुट्टीत स्कॅन करून ठेवल्यात. तारीखवार आहेत, अक्षर बरं आहे, कार्यक्रमाचं नाव वर मार्जिनमध्ये लाल पेनाने आहे. ज्या कोणाला पाहिजे त्याने या पत्राखाली निरोप ठेवा, मी त्याच दिवशी पाठवते. चौथ्या वहीतले रिकामे रकाने मात्र तुम्हाला भरावे लागतील. वॉचमनचं स्किट चौथ्या वहीत पान ३१ वर आहे, त्यात अजून तिघं होते, सोसायटीचा सेक्रेटरी झालेला, दूधवाला, आणि ती मुलगी जी शेवटी येऊन त्याच्या अंगावर चादर घालते. तिचं नाव मला अजून मिळालेलं नाही. तुमच्याकडे असेल तर आधी ते लिहा.

तुमची,
एक प्रेक्षक
सांगली